छत्रीवाल्याचं भाषण

२६ नोव्हेंबर

आणि वाचता येतं मला. चांगलं येतं. पटकथेची प्रत माझ्या टेबलावर कुणी ठेवत नाही, 'योनेसानना कशाला उगाच त्रास' म्हणतात, म्हणून सांगते. शाळा चार यत्ता झाली. मग तोसाच्या किनाऱ्यावर मासे वाळत घालायला लागले आणि चौदाव्या वर्षी मावशीनं क्योतोला आणून या स्टुडिओत फिल्म धुवायला बसवलं. तेव्हा सिनेमे मुके होते. मधेमधे अक्षरांच्या पाट्या यायच्या, त्या जागच्या जागी जोडायचं काम माझ्याकडं आलं. एक पाटी इकडची तिकडं झाली की मरणारा माणूस 'उद्या भेटू' म्हणायचा आणि थेटरात लोक खोखो हसायचे. त्या भीतीनं अक्षरं शिकले. मास्तरची छडी परवडली.

मग बोलपट आले, लढाई आली आणि गेली, रंग आला, आता घराघरात टीव्ही आलाय. माझी कात्री आणि पांढरे हातमोजे तेच आहेत. दर पिक्चरला मी हे असं लिहून ठेवते. पुढं कुणी 'माझं अमुक का कापलंत' म्हणून रडत आलं तर मला आठवायला बरं.

या खेपेला कुझेचा पिक्चर आहे, त्याचा पहिलाच. दहा वर्षं सहायक म्हणून दुसऱ्या दिग्दर्शकांच्या डोक्यावर छत्री धरली त्यानं. पोरगा हुशार आहे. पण इतका वाकतो की चेहरा कसा आहे ते मला अलीकडे कळलं.

शूटिंग संपलं, आज ते सगळं न कापलेलं, कच्चं बघितलं. आवाज नसतो, नुसती तोंडं हलतात. एक तलवारवाला पळत असतो, मागं माणसं लागलेली. रात्रीपुरता एका म्हाताऱ्या छत्रीवाल्याकडं आसरा घेतो, सकाळी पुलावर जाऊन लढतो. चांगलं आहे. पुलावरची लढाई तर फारच चांगली आहे. पण तो छत्रीवाला. तोकुसाबुरोसाननी केलाय तो. चुलीपाशी बसून ते बोलतात, बोलतात, बोलतात. आपली मेलेली बायको, माणसाचं आयुष्य, सगळं; पटकथा मी मागून घेऊन वाचलीय. आवाज नव्हता तरी लांबी कळत होती. कोपऱ्यात आडवा झालेला तलवारवाला तर खरंच झोपला असावा.

त्याचं रीळ सगळ्यात शेवटी होतं, ते संपता संपता माझे डोळे चुरचुरले. फिल्म चिकटवायचं औषध दुपारभर हाताळलं होतं, त्याची वाफ डोळ्यांत जाते. रुमालानं पुसले. दिवे लागले तर कुझे, निर्माते उरागामी आणि स्वतः तोकुसाबुरोसान, तिघं माझ्याकडंच बघत होते. भाषण कसं वाटलं हे विचारायचं असणार. मी गप्प राहिले. पहिल्या दिवशी कुणाचं तोंड कडू करू नये.

२८ नोव्हेंबर

संध्याकाळी पाच वाजता उरागामी 'शुभ सकाळ' करत आत आले. आमच्या धंद्यात दिवसभर सकाळच असते. बसले. घाम पुसला. माझ्या खोलीत शेगडी आणायला बंदी आहे, फिल्म पेट घेईल म्हणून, आणि थंडी अशी की दात वाजतात. त्यात हा माणूस घाम पुसतो. तेव्हाच ओळखलं, काहीतरी वाईट आहे.

"योनेसान, यंदा थंडी लवकर आली, नाही?"

"आली. काय झालंय?"

"कुझेसाननी किती मन लावून केलंय."

"केलंय. काय झालंय?"

मग बाहेर पडलं. तोक्योच्या मोठ्या ऑफिसातून निरोप आलाय. नवीन वर्षाच्या जोडखेळात, एका तिकिटात दोन असतात त्यात, हा दुसरा पिक्चर, म्हणून दीड तासाच्या आत बसला पाहिजे. डिसेंबरच्या मध्याला मोठे साहेब स्वतः बघायला येणार. नाही बसला तर तोक्योतला माणूस येऊन कापेल, त्याला वाटेल तसं. आणि कुझेनं पुन्हा छत्री धरायची.

"आत्ता किती जास्त आहे?" त्यांनी विचारलं.

"दहा-बारा मिनिटं."

"अरे बापरे."

मी म्हणणार होते की त्यात काय, छत्रीवाल्याचं भाषण काढा, अर्धं काम झालं. तोंड उघडलंच होतं. तेवढ्यात ते म्हणाले, "तोकुसाबुरोसानचा तो प्रसंग म्हणजे... त्याबद्दल मी एक शब्द बोलणार नाही. तुम्हाला कळतंच."

कळलं. म्हाताऱ्या नटाचा मान. हात लावायचा नाही. मी तोंड मिटलं.

१ डिसेंबर

कुझे दिवसभर माझ्या शेजारी. मी फिल्म बघायच्या यंत्रावर, मुव्हिओलावर, फिरवते, तो वाकून बघतो. जंगलातली पळापळ अर्धी केली. खाणावळीतली पोरगी पार गेली. बिचारीनं चांगलं काम केलं होतं. चंद्र काढला. नदी काढली.

"अजून?" मी.

"अजून," तो. चेहरा दात काढून घेतल्यासारखा.

शेवटी मीच विषय काढला. "दिग्दर्शकसाहेब, छत्रीवाल्याच्या घरात फार वेळ जातो का?"

तो एकदम ताठ बसला. मग वाकला. "योनेसान, तो प्रसंग तसाच राहणार. तुम्ही काळजी करू नका. त्यावरून कुणी तुम्हाला काही बोलणार नाही, हे मी बघतो."

आता मला कोण कशाला बोलेल? स्वतःच्या लाडक्या प्रसंगाला आडोसा म्हणून माझं नाव पुढं करतो झालं. पहिलटकरणीसारखं असतं यांचं. पोर काळं असो गोरं असो, हात लावू देत नाहीत. मी म्हणलं, बरं. आणि डोंगरावरचा सूर्योदय कापला.

२ डिसेंबर

शिझुएचं काय चाललंय कळत नाही. ही माझी जोडणारी, पंधरा वर्षं माझ्या हाताखाली आहे, दोन पोरांची आई, तोंडानं फटकळ. म्हणून तर टिकली. आज माझ्या खुर्चीवर नवी गादी.

"हे काय?"

"काही नाही मावशी. मऊ बरी असते."

"माझं बूड काय आज कडक झालंय?"

"तसं नाही. माणसाचं मन कधीकधी हळवं होतं, तेव्हा बसायला मऊ असावं."

गादी तिच्या खुर्चीवर टाकली. कामाच्या वेळी असली थेरं नकोत. दुपारी टोफूवाला आला नाही, भाताबरोबर नुसतं मुळ्याचं लोणचं खाल्लं.

५ डिसेंबर

आज तोकुसाबुरोसान माझ्या खोलीत आले. नट लोक इथं येत नाहीत, आले तर आपलं किती उरलं ते मोजायला येतात. पण यांनी तांदळाच्या भाजक्या चकत्यांचा डबा आणला, दोन्ही हातांनी दिला. सत्तरीचा माणूस, इतकी वर्षं राजे, मंत्री, चोर सगळं केलेलं.

चहा घेतला. मग त्यांनी एक लांबलचक गोष्ट सांगितली. त्यांच्या गल्लीतल्या देवळात एक भिक्षू प्रवचन देतो. माणूस देवमाणूस, पण थांबत नाही. सगळ्यांचे पाय बधिर होतात, म्हाताऱ्यांना उठता येत नाही, परवा एकीला उचलून नेली. पण सांगणार कोण? आणि खरं सांगायचं तर त्या भिक्षूलाही घरी जायचं असतं, पण लोक इतके भक्तिभावानं बसलेत म्हटल्यावर तो तरी कसा थांबणार?

"मग?" मी विचारलं.

"मग काय. बोलतोच आहे बिचारा."

"कुणीतरी घंटा वाजवावी."

"अगदी. अगदी मनातलं बोललात, योनेसान. कुणीतरी घंटा वाजवावी." आणि त्यांनी इतक्या आशेनं माझ्याकडं बघितलं की मला वाटलं चकत्या परत हव्यात.

मी डबा पुढं केला. त्यांनी एक घेतली, उसासा टाकला, दारापर्यंत गेले, वळले आणि म्हणाले, "पण तुम्हाला तो प्रसंग भावला. एका नटाला आणखी काय हवं." आणि वाकले. मीही वाकले. ते परत वाकले. दारात दोघांचा डोक्यानं पाणी उपसल्यासारखा खेळ झाला.

म्हणजे भाषण राखा हे सांगायलाच आले होते. प्रवचनाचं मधेच काय काढलं कोण जाणे. म्हातारपणी माणूस भरकटतो. मला मात्र कुणी विचारलं नाही की बाई, तुझं काय मत. माझं मत असं की ते भाषण म्हणजे ओल्या लाकडाचा धूर. पण म्हाताऱ्याला हवंय, पोराला हवंय, निर्मात्यालाही दुखवायचं नाहीये. मी कोण? कात्री. कात्रीनं मत देऊ नये.

असं लिहिलं खरं, पण पटलं नाही. पहिल्या वर्षीची तोसाची मी असते तर तोंडावर बोलून मोकळी झाले असते. इतकी वर्षं या आडवळणानं बोलणाऱ्या क्योतोचं पाणी पिऊन मीपण यांच्यातलीच झाले की काय?

९ डिसेंबर

अजूनही चार-पाच मिनिटं जास्त. सगळीकडून तासून तासून पिक्चर हाडकुळा झालाय. मधोमध ते भाषण, सापानं उंदीर गिळल्यावर दिसतो तसं.

कुझेला मी काही बोलले नाही, पण भीती वाटते. तोक्योचा माणूस आला तर पोराचं दहा वर्षांचं छत्री धरणं फुकट जाईल. त्याचे वडील तांब्याची भांडी ठोकतात. नवीन वर्षाला गावातली सगळी गल्ली थेटरात न्यायची म्हणून त्यांनी आत्ताच सांगून ठेवलंय म्हणे. त्यांना काय दाखवणार? दुसऱ्यानं कापलेलं?

शिझुएनं पुन्हा गादी ठेवली. बसले. मऊ आहे.

११ डिसेंबर

आज झालं ते सविस्तर लिहिते, कारण उद्या मलाच खोटं वाटेल.

सकाळी कुझे आला. डोळे सुजलेले. म्हणाला, "योनेसान, पुलावरची लढाई अर्धी करू या."

माझ्या हातातली कात्री खाली ठेवली मी. पिक्चरमध्ये एकच गोष्ट अशी आहे की जिच्यासाठी माणसानं तिकीट काढावं, ती ही लढाई. हा पोरगा भाषणासाठी तीच कापायला निघाला.

"भाषण का नाही कापायचं?"

"ते नाही, योनेसान. कृपा करून तो विषय नको."

डोकं तापलं. शिझुएला म्हणलं, उरागामींना बोलव, तोकुसाबुरोसान मेकअपच्या खोलीत असतील, त्यांनाही बोलव, सगळे छोट्या प्रोजेक्शनच्या खोलीत या. आले. कुणाला काही कळेना. बसवलं सगळ्यांना. प्रोजेक्टर लावलाच नाही, दिवे घालवले.

अंधारगुडुप.

"आता बोला," मी म्हणलं. "तोंडं दिसत नाहीत, वाकायचं कारण नाही. छत्रीवाल्याचं भाषण कुणाला हवंय?"

कुणाची तरी खुर्ची करकरली.

"उरागामीसान?"

"मला... म्हणजे माझा आग्रह असा नाही. मी आपला म्हणालो, त्याबद्दल बोलणार नाही."

"हवंय की नको?"

अंधारातून अगदी बारीक आवाज आला, "नको."

"कुझे?"

"मी लिहिलंय ते, योनेसान. लिहिताना बरं वाटलं होतं. पडद्यावर बघितलं तेव्हा जमिनीत जावंसं वाटलं."

"तोकुसाबुरोसान?"

"माझ्या पाठ झालं नव्हतं हो," तोकुसाबुरोसान म्हणाले. "सगळं फळ्यावर लिहून चुलीमागं धरलं होतं. मी बायकोच्या आठवणीनं दूर बघतोय असं वाटतं ना, तो मी फळा वाचतोय. त्या भिक्षूची गोष्ट आणखी कशी सांगायची मी तुम्हाला?"

हा भिक्षू म्हणजे हे स्वतः होय. आत्ता कळलं.

"म्हणजे कुणालाच नकोय," मी म्हणलं. "तुम्ही तिघं ताकाला जाऊन भांडी लपवताय आणि मी इथं चंद्र-सूर्य कापत बसलेय. मग ते ठेवलं कुणासाठी?"

मागून शिझुए बोलली. "तुमच्यासाठी, मावशी."

"माझ्यासाठी?"

"तुम्ही रडलात ना."

"मी?"

"पहिल्या दिवशी," कुझे म्हणाला. "आवाज नसताना. एक शब्द ऐकू येत नव्हता तरी तुम्ही डोळे पुसलेत. स्टुडिओत तुम्हाला कुणी रडताना बघितलेलं नाही. लढाईच्या वर्षांत स्टुडिओचं छप्पर पडलं तेव्हासुद्धा तुम्ही फिल्मचे डबे मोजत होतात म्हणतात. मला वाटलं, मला दिसत नाही असं काहीतरी योनेसानना दिसलंय. मग मी कसं कापू?"

"मलाही तेच," उरागामी.

"मी तर घरी जाऊन बायकोला सांगितलं," तोकुसाबुरोसान म्हणाले. "तिनं शुभप्रसंगी करतात तो लाल भात केला."

"औषध होतं ते," मी म्हणलं. "चिकटवायचं औषध. डोळ्यांत झोंबतं. पंधरा वर्षं शिझुए माझ्याबरोबर आहे, तिला विचारा."

"झोंबतं," शिझुए म्हणाली. "पण त्या दिवशी दुपारभर औषध माझ्याकडं होतं, मावशी. तुम्ही निवडायला बसला होतात."

तिला काय आठवतंय. पंधरा दिवस होऊन गेले.

आधी हसले तोकुसाबुरोसान. नटाचं हसू, पोटातून. मग उरागामी, मग सगळेच. कुझे हसतोय की काय करतोय अंधारात कळेना. मी दिवे लावले. सगळ्यांची तोंडं लाल. सगळे एकमेकांना वाकायला लागले, तेव्हा मी परत घालवले.

१२ डिसेंबर

भाषण काढलं. कात्री चालली तेव्हा मुळीच वाईट वाटलं नाही, दुखरा दात पडल्यासारखं वाटलं. चंद्र परत घातला. नदी परत. खाणावळीतली पोरगीसुद्धा थोडी परत आली.

पण एक भोक राहिलं. तलवारवाला रात्री दार वाजवतो, आत येतो, आणि लगेच सकाळ होऊन पुलावर. म्हातारा कोण, कसा, काही नाही. ज्याला मरायला जायचंय तो एका घरात झोपला हे पटायला तिथं काहीतरी हवं. कुझे म्हणाला, नवीन घेऊ. कुठून घेणार? सेट मोडला, लाकूड दुसऱ्या पिक्चरला गेलं.

जेवण झाल्यावर मी टाकाऊ तुकड्यांकडं गेले. खुंट्यांवरून पट्ट्या लोंबतात, खाली कापडी पिशवी असते. शिझुए म्हणाली, "मावशी, काय शोधताय?" मी म्हणलं, बघतेय. काय शोधतेय ते मला नक्की माहीत नव्हतं. पण हात सरळ त्याच पट्टीवर गेला.

कुझेची एक खोड आहे. मोठ्या नटाला तोंडावर 'कट' म्हणायला त्याला जड जातं. म्हणून तो आधी कमरेत वाकतो आणि मग हळूच 'कट' म्हणतो. तोवर कॅमेरा फिरतच राहतो. भाषण संपल्यावरचं ते शेपूट मी पहिल्याच दिवशी, सगळं कच्चं बघून झाल्यावर छाटलं होतं.

त्यात काय आहे? भाषण संपलं. तोकुसाबुरोसानना वाटलं, सुटलो. चुलीत रताळं भाजायला ठेवलेलं, ते खरंच होतं. त्यांनी काढलं, हात पोळला, फुंकलं, मोडलं. मोठा तुकडा चुलीच्या पलीकडं, जिथं कुणी बसलेलं नाही तिथं ठेवला. नीट ठेवला, फळीवरची राख हातानं पुसून. आणि आपण शेपटाकडचा तुकडा खायला लागले. बस. मग खालून फ्रेममध्ये कुझेचं वाकलेलं डोकं येतं. त्याच्या केसांच्या आधी तोडायला पाहिजे, म्हणून तोडलं.

मुव्हिओलावर फिरवून बघितलं. आणखी एकदा बघितलं. शिझुए शेजारी उभी होती, काही बोलली नाही. फटकळ आहे तरी कधीकधी गप्प बसायचं तिला कळतं.

आमचे हे दिव्यांच्या खात्यात होते. दुपारी जेवायला माझ्या खोलीच्या पायरीवर यायचे. त्यांना जाऊन आता सहा वर्षं झाली. त्यांचा यात काही संबंध नाही, रताळ्यावरून आपलं आठवलं.

तुकडा भोकात बसवला. नेमका बसला.

१४ डिसेंबर

नवीन जोडणी कुझेला दाखवली. रताळ्यापाशी तो म्हणाला, "हे मी कधी घेतलं?"

"घेतलं नाहीस. वाकत होतास."

तो बघत राहिला. मग म्हणाला, "मी लिहिलेलं सगळं भाषण यात आहे."

"नाही, यात रताळं आहे," मी म्हणलं. "चल, दुसरं रीळ."

१७ डिसेंबर

मोठे साहेब आले. तोक्योहून आगगाडीनं, बरोबर दोन माणसं, दोघांच्या हातात घड्याळं. सगळा स्टुडिओ बसला होता. लाइटवाले, सुतार, वेशभूषेच्या बायका. तोकुसाबुरोसान बायकोला घेऊन आले, बुटकी, गोल, सगळ्यांवर करडी नजर. कुझे माझ्या पुढच्या रांगेत. कान पांढरे पडलेले.

दीड तासाच्या आत बसला. आधी तेच लिहून टाकते.

रताळं आलं तेव्हा तोकुसाबुरोसानची बायको मोठ्यानं म्हणाली, "अहो, हे तर घरी करतात तसंच केलंय." लोक हसले, आणि हसता हसता गप्प झाले. मग सकाळ झाली, पूल आला, आणि तलवारवाला पुलाकडं जायला निघाला तेव्हा मागची सुतार मंडळी पुढं सरकून बसली. सुतार सरकले की पिक्चर चालला. हे मला कुणी शिकवलेलं नाही, पण कधी चुकलेलं नाही.

दिवे लागल्यावर मोठे साहेब उठले. घड्याळवाल्यांकडं बघितलंही नाही. म्हणाले, "पुढचा पिक्चर मार्चमध्ये सुरू करा, कुझेसान." एवढंच. कुझे वाकला तो वरच येईना. उरागामींनी कॉलर धरून उभा केला. वडिलांना तार करायला शिझुएच धावली, त्याला अक्षर सुचत नव्हतं.

तोकुसाबुरोसान बाहेर सगळ्यांना सांगत होते, "जन्मभर अभिनय केला आणि कौतुक झालं ते माझ्या भुकेचं. आणि हिला मोठा तुकडा नाही दिला तर ही दोन दिवस बोलत नाही, म्हणून सवय हो. त्यात कला कसली?" बायको म्हणाली, "दोन दिवस कुठले, चार." पण खूश होते दोघं. त्यांनी मला हाताला धरून चहाला नेलं.

तिथं मोठे साहेब माझ्यापाशी आले. म्हणाले, "बाई, त्या म्हाताऱ्यापाशी अगदी नेमक्या क्षणी तोडलंत. पलीकडं कोण बसायचं, ते सांगायच्या आत. आणखी जरासं ठेवलं असतं तर सगळं गेलं असतं. कसं कळलं, तिथंच?"

कुझेनं माझ्याकडं बघितलं आणि मग आपल्या केसांवरून हात फिरवला. मी म्हणलं, "तिथंच संपत होतं." साहेबांनी मान डोलावली आणि आपल्या माणसांना म्हणाले, लिहून घ्या.

सगळे गेल्यावर कुझे पायरीवर माझ्या शेजारी बसला. मार्चच्या पिक्चरला मीच कापणार ना, हे विचारलं. मी म्हणलं, दुसरं कोण आहे. मग बराच वेळ चप्पल घासत बसला.

"योनेसान. एवढ्या तुकड्यांतून तो तुकडा तुमच्या लक्षात राहिला कसा? टाकल्याला इतके दिवस झाले होते."

मी त्याला चहा गार होतोय म्हणून सांगितलं. प्याला मुकाट्यानं.

कसा लक्षात राहिला, ते माझं मला माहीत आहे. त्याला सांगितलं नाही, शिझुएला सांगणार नाही, आणि इथंही लिहिणार नाही.